कागदावर सही आहे, मग कोर्ट लगेच निकाल का देत नाही?

सही त्याची, शिक्का त्याचा, रक्कम आकड्यांत आणि अक्षरांत. पैसे तर दिले नाहीतच, वर नोटिशीला उत्तरही नाही. दावा लावताना वकील म्हणाले होते, "समरी सूट आहे, लवकर उरकेल." आणि बऱ्याच महिन्यांनी कोर्टानं प्रतिवादीला 'बचावाची परवानगी' देऊन टाकली. म्हणजे आता साक्षीपुरावा, उलटतपासणी आणि तारखा. वादी घरी येऊन सांगतो, "कोर्ट त्याच्या बाजूनं झुकलं."

बहुतेक वेळा तसं काही झालेलं नसतं. करारभंगाचे काही दावे मुळातच झटपट निकालाच्या साच्यात बसत नाहीत. आपला दावा त्यातला आहे का, हे कोर्टाची फी भरण्याआधीच बऱ्यापैकी ओळखता येतं. फक्त त्यासाठी आपलीच फाइल समोरच्याच्या चष्म्यातून वाचावी लागते, आणि ते कुणालाच आवडत नाही.

झटपट निकालाची दोन दारं

नेहमीच्या दिवाणी दाव्याचा रस्ता लांबचा असतो. वादी दावा दाखल करतो, प्रतिवादी कैफियत, म्हणजे लेखी उत्तर, देतो, कोर्ट वादाचे मुद्दे काढतं, साक्षीदार पिंजऱ्यात उभे राहतात, त्यांची उलटतपासणी होते, युक्तिवाद होतात आणि मग निकाल लागतो. झटपट निकालात यातला सगळ्यात वेळखाऊ टप्पा, म्हणजे साक्षीदारांचा, गाळला जातो. न्यायाधीश कागद आणि दोन्हीकडची प्रतिज्ञापत्रं वाचून ठरवतात.

आपल्याकडे यासाठी दोन दारं आहेत. जुनं दार म्हणजे १९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेतली ऑर्डर ३७ (ऑर्डर म्हणजे इथं नियमांचं एक प्रकरण). हिलाच वकील मंडळी समरी सूट म्हणतात. हुंडी, वचनचिठ्ठी, चेक किंवा लेखी करारातून येणं असलेली ठरावीक रक्कम, मुख्यतः एवढ्यापुरतंच हे दार उघडं आहे. समन्स मिळाल्यापासून १० दिवसांत प्रतिवादीनं हजर व्हायचं. त्यानंतर वादी निकालासाठीचं वेगळं समन्स बजावतो आणि तिथून १० दिवसांत प्रतिवादीनं बचावाची परवानगी मागायची. नेहमीच्या दाव्यात बचाव हा हक्क असतो. इथं तो मागून घ्यावा लागतो, आणि कोर्टानं नाकारला तर तिथंच हुकूमनामा, म्हणजे वादीच्या बाजूनं निकाल.

नवं दार २०१५ च्या व्यापारी न्यायालय कायद्यानं उघडलं. ते म्हणजे ऑर्डर १३-अ. हे फक्त व्यापारी वादांसाठी आहे आणि वादाची रक्कम किमान ३ लाख रुपये हवी. सुरुवातीला ही मर्यादा १ कोटी होती, २०१८ मध्ये ती खाली आणली. इथं वादी आणि प्रतिवादी दोघांनाही अर्ज करता येतो, मात्र मुद्दे निघायच्या आत. समोरच्याला जिंकण्याची 'खरी शक्यता' नाही आणि तोंडी पुराव्यासाठी थांबण्याचं दुसरं सबळ कारणही नाही, अशी दुहेरी कसोटी आहे. ऑर्डर ३७ खाली लावलेल्या दाव्यात हा अर्ज चालत नाही. एका वेळी एकच दार.

एक्स-रे आणि पोटदुखी

हात मोडला आहे का, हे डॉक्टर एक्स-रे बघून सांगतात. पेशंट काय म्हणतो याला तिथं फारसं महत्त्व नसतं. पोटात दुखत असेल तर मात्र विचारावं लागतं: कधीपासून, काय खाल्लं होतं, इथं दाबलं की दुखतं का? कोर्टासमोर पहिला प्रश्न एवढाच असतो, की हे प्रकरण एक्स-रेचं आहे की पोटदुखीचं. खरं कोण बोलतंय हा प्रश्न अजून आलेलाच नसतो. न्यायाधीशांना दोन माणसांपैकी कुणावर विश्वास ठेवायचा हे ठरवावं लागणार असेल आणि निकाल त्यावरच फिरणार असेल, तर कागद बघून तो देता येत नाही.

यातला 'निकाल त्यावरच फिरणार असेल' हा भाग महत्त्वाचा. मतभेद तर प्रत्येक प्रकरणात असतात. बैठक सोमवारी झाली की मंगळवारी, यावर दोघं भांडत असतील पण त्यानं येण्याच्या रकमेत एका रुपयाचाही फरक पडत नसेल, तर कोर्ट त्या भांडणाकडे बघत नाही. उलटही खरं आहे. कायद्याचा प्रश्न कितीही किचकट असला तरी त्याला साक्षीदार लागत नाहीत. कलमाचा अर्थ लावणं न्यायाधीशांचं काम, ते ऐकून तिथंच सोडवू शकतात.

आता एक प्रकरण डोळ्यांसमोर ठेवू. समजा, एका कारखानदारानं एका बिल्डरला २४० अ‍ॅल्युमिनियमच्या सरकत्या खिडक्या बनवून बसवून दिल्या. वर्क ऑर्डर १८ लाखांची. १०,६०,००० मिळाले, ७,४०,००० अडकले. वर्क ऑर्डरमध्ये लिहिलंय: 'काम समाधानकारक पूर्ण झाल्यावर ३० दिवसांत रक्कम देय.' शेवटच्या चलनावर साइटच्या वॉचमननं निळ्या पेनानं सही केली आहे आणि सहीच्या वर, ओळ थोडी तिरकी जाऊन, लिहिलंय: '४ काचा तडकल्या. बाकी मोजून घेतलं.' हे चलन कारखानदार आपला हुकमी पत्ता म्हणून दाव्याला जोडतो.

रक्कम मोजायची की ठरवायची?

सगळ्यात पहिली चाळणी रकमेची. 'ठरावीक रक्कम' म्हणजे जी कराराकडे आणि खातेउताऱ्याकडे बघून बेरीज-वजाबाकीनं काढता येते. २४० खिडक्या, दर अमुक, मिळाले तमुक, बाकी ७,४०,०००. हे कॅल्क्युलेटरचं काम.

पण कारखानदार म्हणाला, "बिल्डरनं मध्येच दुसरा टप्पा काढून घेतला, त्यात माझा ३ लाखांचा नफा बुडाला," तर ही झाली नुकसानभरपाई. ती मोजता येत नाही, ठरवावी लागते. नफा खरंच किती झाला असता, तेवढ्या वेळात दुसरं काम मिळालं का, नुकसान कमी करायला काय केलं? सर्वोच्च न्यायालयानं १९७४ च्या रामन आयर्न फाउंड्री प्रकरणात हा फरक ठळक केला: भरपाईचा दावा कोर्टानं ठरवेपर्यंत ते 'येणं' होतच नाही. नुसतं बिल फाडून भरपाईचं कर्ज बनत नाही.

करारात आधीच आकडा घातलेला असला तरी सुटका नाही. 'उशीर झाल्यास दररोज २,००० रुपये' असं कलम असतं, आणि लोकांना वाटतं की दिवस गुणिले दोन हजार, झालं. पण करार कायद्याचं, १८७२ सालचं, कलम ७४ सांगतं की तो आकडा ही वरची मर्यादा आहे. त्याच्या आत वाजवी भरपाई किती, ते कोर्ट बघणार. म्हणजे पुन्हा पुरावा आलाच.

इथंच लोक स्वतःच्या पायावर धोंडा पाडून घेतात. ऑर्डर ३७ च्या दाव्यात 'या ऑर्डरबाहेरची कुठलीही मागणी केलेली नाही' असं स्पष्ट लिहावं लागतं. अशा दाव्यात ७,४०,००० च्या खाली कुणीतरी 'मानसिक त्रासाबद्दल २ लाख' अशी ओळ घुसवतो. तो त्रास खरा असेलही, पण त्या एका ओळीनं प्रतिवादीच्या वकिलाचं निम्मं काम फुकटात होतं. बिलाच्या तळाशी बारीक अक्षरात छापलेलं २४ टक्के व्याजही असंच. मूळ वर्क ऑर्डरमध्ये ते नसेल, तर समोरच्यानं ते कधी मान्य केलं हा वाद उभा राहतो.

आणि पैशांखेरीज काही हवं असेल, म्हणजे फ्लॅटचं खरेदीखतच करून द्या किंवा अमुक गोष्ट करू नका असा मनाई हुकूम, तर ऑर्डर ३७ चा विषयच संपतो.

कागद आहे, पण तो म्हणतो काय?

'समाधानकारक.' कुणाचं समाधान? बिल्डरचं, त्याच्या आर्किटेक्टचं, की कुठल्याही समंजस माणसाचं? त्यासाठी दाखला लागणार होता की तोंडी 'ठीक आहे' पुरे होतं? शब्दाचे दोन अर्थ सारखेच पटण्याजोगे निघत असतील, तर दोघांनी करताना काय धरलं होतं, त्या धंद्यात तो शब्द कसा वापरतात, आधीच्या व्यवहारांत काय झालं, हे विचारावं लागतं. एवढं विचारायचं म्हटलं की माणसं आली.

"पण लेखी कराराविरुद्ध तोंडी पुरावा चालत नाही ना?" हा आक्षेप बरोबर आहे, अर्धा. तो नियम आज भारतीय साक्ष अधिनियम २०२३ च्या कलम ९५ मध्ये आहे, जुन्या पुरावा कायद्यात तो ९२ व्या कलमात होता. लिहिलेलं एक आणि 'आमचं बोलणं वेगळंच झालं होतं' असं दुसरं, हे कोर्ट सहसा ऐकून घेत नाही. मात्र त्याच कलमाला अपवादांची रांग आहे. फसवणूक किंवा चूक झाली होती. अमुक घडल्याशिवाय करार लागूच होणार नव्हता. करार कागदावर येणं कायद्यानं सक्तीचं नव्हतं आणि नंतर तोंडी बदलला. त्या धंद्यात तशी रूढी आहे. व्यवहारात वापरला जातो तो तोंडी बदलाचा अपवाद. साइटवर उभ्या उभ्या ठरतं, "काच ५ मिमीऐवजी ४ चालेल, दर बघून घेऊ." हे कुणी लिहून ठेवत नाही. दोन वर्षांनी त्या वाक्यावर दीड लाखाचा फरक उभा असतो.

मुळात एकच करार नसतो, हाही नेहमीचा घोळ. कोटेशन, सुधारित कोटेशन, पर्चेस ऑर्डर, मेल, त्यावर 'ओके' आणि मग फोन. यातला करार कुठला? पर्चेस ऑर्डरच्या मागच्या अटी की कोटेशनखालच्या?

आधी कोण चुकलं?

माझ्या मते झटपट निकालाला सगळ्यात जास्त दावे इथं अडतात. बहुतेक करार म्हणजे घेणं-देणं असतं: तू हे कर, मी ते करतो. करार कायद्याची कलमं ५१ ते ५४ याच परस्पर वचनांची आहेत. एकानं आपला वाटा पूर्ण केला नसेल, तर दुसऱ्यानं आपला हात आखडता घेणं हा दर वेळी करारभंग ठरत नाही.

बिल्डर म्हणतो, "खिडक्या गळत होत्या म्हणून पैसे थांबवले." कारखानदार म्हणतो, "पैसे थांबवलेत म्हणून सीलिंगचं, म्हणजे फटी बुजवायचं, शेवटचं काम करायला माणसं पाठवली नाहीत." दोघांच्या वाक्यांत तेच प्रसंग आहेत, फक्त क्रम उलटा. हा क्रम चलनावर लिहिलेला नसतो. पावसाळ्याआधी कोण कुणाला काय म्हणालं, सीलंट कुणी आणायचं होतं, भिंतीचं प्लॅस्टर आधी झालं की खिडकी, हे मिस्त्रीला विचारल्याशिवाय कळत नाही. मुदत वाढवून दिली होती का, उशीर चालवून घेतला होता का, हे प्रश्नही याच जातीचे. लेखी मुदत ३१ मेची असेल आणि त्यानंतर दोन महिने बिल्डर माल उतरवून घेत राहिला असेल, तर मुदतीचा आग्रह त्यानं सोडला की नाही हे त्याच्या वागण्यावरून काढावं लागतं.

सहीमागची गोष्ट

"सही माझी आहे, पण..." या 'पण'ला कोर्ट किती किंमत देतं? लोकांना वाटतं तेवढी कमी नाही.

सर्वोच्च न्यायालयाचं १९५८ सालचं संतोषकुमार विरुद्ध भाई मूलसिंग हे प्रकरण अजूनही सांगितलं जातं. ६०,००० रुपयांचा न वटलेला चेक. प्रतिवादीचं म्हणणं असं, की चेक तारण म्हणून दिला होता, मालाचे पैसे रोखीनं आणि दुसऱ्या चेकांनी केव्हाच फेडले. खालच्या कोर्टाला हा मुद्दा चौकशीजोगा वाटला, पण प्रतिवादीनं कागद जोडले नाहीत म्हणून तारण देण्याची अट घातली. सर्वोच्च न्यायालयानं ते मान्य केलं नाही. पुरावा देण्याची पाळी परवानगी मिळाल्यावर येते, ती आधीच मागता येत नाही, असं त्यातलं सूत्र. १९७६ च्या मेकॅलेक इंजिनिअर्स प्रकरणातही चेक दिल्याचं कबूल होतं. प्रतिवादीचं म्हणणं, आमच्यात करारच नव्हता. तिथंही बिनशर्त परवानगी कायम राहिली.

सही खोटी आहे, सही करणाऱ्याला कंपनीच्या वतीनं अधिकारच नव्हता, दबावाखाली सही घेतली, हे सगळे बचाव त्याच रांगेतले. फक्त 'फसवणूक झाली' असं मोघम लिहून भागत नाही. कुणी, केव्हा, काय सांगून फसवलं, याचा तपशील द्यावाच लागतो, हा संहितेचाच नियम आहे.

"म्हणजे कुणीही काहीही लिहावं आणि सुटावं?"

हा राग समजण्यासारखा आहे. पैसे बुडवणाऱ्याला वेळ मारून न्यायला हे आयतं निमित्त नाही का?

आता बिल्डरची दोन प्रतिज्ञापत्रं शेजारी ठेवून वाचा. पहिलं: 'वादीने पुरविलेला माल निकृष्ट दर्जाचा होता व वादीने प्रतिवादीची घोर फसवणूक केली आहे.' दुसरं: 'बी विंगमधील ६० खिडक्यांतून पहिल्याच पावसात पाणी आत आले. त्याच आठवड्यात ई-मेलने फोटोंसह कळविले. वादीने "माणूस पाठवतो" असे उत्तर दिले. कोणी आले नाही.' पहिल्यात एकही गोष्ट अशी नाही जी तपासता येईल. दुसऱ्यातली प्रत्येक तपासता येते. दुसरं आलं की कारखानदाराचा दावा, निदान त्या ६० खिडक्यांपुरता, एक्स-रेचा राहत नाही.

पहिलं प्रतिज्ञापत्र अनेकदा बिल्डरच्याच कागदांनी उघडं पडतं. त्यानं बिलावरचं जीएसटी क्रेडिट घेतलेलं असतं, टीडीएस कापून भरलेला असतो, मार्चअखेरीस 'बाकी बरोबर आहे' असं पत्रही दिलेलं असतं, आणि दाव्याचं समन्स येईपर्यंत तक्रारीचा एक शब्द नसतो. अशा बचावाला वकिली भाषेत 'मूनशाइन' म्हणतात, चांदण्यासारखा पोकळ.

शिवाय कोर्टाकडे 'परवानगी दिली' आणि 'नाकारली' यांच्या मधल्या पायऱ्या आहेत. २०१६ च्या आयडीबीआय ट्रस्टीशिप विरुद्ध हबटाउन निकालात सर्वोच्च न्यायालयानं त्या लावून दिल्या. बचाव भक्कम असेल तर बिनशर्त परवानगी. भक्कम नसला तरी प्रामाणिक आणि चौकशीजोगा असेल, तरी सहसा बिनशर्तच. चौकशीजोगा आहे पण प्रामाणिकपणाबद्दल शंका आहे, तर रक्कम भरण्याची किंवा तारणाची अट घालता येते. बचाव शक्य कोटीतला आहे पण खरा असण्याचा संभव कमी असं वाटलं, तर सगळी मुद्दल व्याजासकट भरायला सांगता येते. काहीच दम नसेल तर परवानगी नाही. ऑर्डर १३-अ मध्येही असा सशर्त हुकूम देता येतो. त्यामुळे 'परवानगी मिळाली' एवढं ऐकून अर्थ काढू नये, पुढची ओळ वाचावी. पैसे कोर्टात येऊन पडले असतील, तर वेळकाढूपणातली गंमत बरीच कमी होते.

तरी झुकतं माप बचावाकडेच आहे, हे मान्य करायला हवं. २०२२ च्या बी. एल. कश्यप प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं पुन्हा तेच सांगितलं: परवानगी देणं हा नियम, नाकारणं हा अपवाद. मला हे पटतं. झटपट निकालात चूक झाली तर एका माणसाला साक्षीपुराव्याची संधी एकदाही न मिळता हुकूमनामा त्याच्या गळ्यात पडतो, आणि तो उलटवणं सोपं नसतं. उशिराची किंमत निदान व्याजानं काही अंशी भरून निघते.

"पण व्हॉट्सअ‍ॅपवर कबूल केलंय!"

'हो साहेब, देतो, थोडं थांबा.' या मेसेजनं आपलं काम झालं असं अनेकांना वाटतं. काय देतो? किती? गळतीचे वजा करून की पूर्ण? नेमका आकडा घालून, 'एवढे देणं आहे' असं लिहिलेलं असेल तर गोष्ट वेगळी. तशी स्पष्ट कबुली असेल तर संहितेत कबुलीवरून निकाल मागायची स्वतंत्र सोय आहे, ऑर्डर १२ नियम ६. पण दिलासा देणारा मेसेज आणि कबुली यांत फरक असतो, आणि तो मेसेज कोणत्या संभाषणात आला हे वाचल्याशिवाय कळत नाही. सोयीचा एकच स्क्रीनशॉट जोडणाऱ्यांच्या हे अंगाशी येतं, कारण उरलेलं संभाषण समोरचा जोडतो.

करारात लवादाचं कलम असेल तर ही सगळी चर्चाच बाजूला राहते, समोरच्यानं वेळेत मागणी केली की कोर्ट तिकडे पाठवतं. आणि व्यापारी दाव्यात तातडीचा हुकूम मागायचा नसेल, तर दावा लावण्याआधी मध्यस्थी करून पाहणं सक्तीचं आहे. २०२२ मध्ये पाटील ऑटोमेशन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं ते पक्कं केलं.

मग खिडक्यांचं काय होईल?

बिल्डरनं दुसऱ्या प्रकारचं प्रतिज्ञापत्र दिलंय असं धरू. त्याची तक्रार ६० खिडक्यांची आणि ४ काचांची. दुरुस्तीचा त्याचा स्वतःचा हिशोब १,९०,००० रुपये. म्हणजे उरलेल्या ५,५०,००० बद्दल त्याला काही म्हणायचंच नाही. ऑर्डर ३७ चा नियम इथं कडक आहे: जेवढी रक्कम कबूल आहे, तेवढी कोर्टात भरल्याशिवाय परवानगी नाही. त्यामुळे ५,५०,००० आधी जमा होतील आणि १,९०,००० चा दावा नेहमीच्या रस्त्यानं पुढे जाईल.

त्या रस्त्यावर वॉचमनला बोलवावं लागेल. त्यानं चलनावर 'बाकी मोजून घेतलं' असं लिहिलंय. खिडक्या मोजणं आणि खिडक्या तपासणं यांत तो काही फरक करतो का, पाणी टाकून बघायचं काम त्याचं होतं का, आणि सही करताना माल ट्रकमध्ये होता की भिंतीत, हे त्याच्याशिवाय कुणालाच सांगता येणार नाही.